फोन कुणी धरला होता

सोलापुरात भवानी पेठेत चादरींच्या एका दुकानावर, दुसऱ्या मजल्याला, मी काही वर्षं नोकरी केली. खाली दिवसभर गठ्ठे बांधायचा गलबला असायचा, हमाल एकमेकांना तेलुगूत शिव्या घालायचे. वर आमची खोली मात्र गप्प. खिडक्यांना आतून काळा कागद लावलेला. आत शिरताना फोन दारातल्या कप्प्यात ठेवायचा, कागद-पेनही न्यायचं नाही. मग कानाला हेडफोन लावून प्रत्येकानं आपापल्या पडद्यासमोर बसायचं. मधेच कुणीतरी उठायचं, जिन्यात जाऊन उभं राहायचं आणि थोड्या वेळानं परत येऊन बसायचं. काय झालं म्हणून कुणी विचारायचं नाही. विचारलं असतं तर त्याला सांगावं लागलं असतं, आणि विचारणाऱ्याला ऐकावं लागलं असतं.

घरी आणि गल्लीत मी ‘कॉम्प्युटरचं काम’ एवढंच सांगत होते. लोक इंटरनेटवर व्हिडिओ टाकतात, त्यातल्या ज्यांच्याविषयी कुणी तक्रार केली असेल किंवा ज्यांचा यंत्राला संशय आला असेल, ते आमच्यासमोर यायचे. मारहाण, अपघात, जनावरांचे हाल, आणि ज्याविषयी मी इथं लिहिणार नाही असं पुष्कळ. ठेवायचा, काढायचा, की वरच्या माणसाकडे पाठवायचा हे नियम बघून ठरवायचं आणि पुढचा घ्यायचा. मूळ कंपनी लांब कुठंतरी, आम्ही ठेकेदाराची माणसं. नोकरी लागताना करारावर सही केली होती, की इथं बघितलेलं-ऐकलेलं बाहेर कुणाला सांगणार नाही. घरच्यांनाही नाही.

मला घेतलं ते भाषांमुळे. आम्ही विणकर घरातले. घरात तेलुगू, शाळेत मराठी, गल्लीत दखनी उर्दू, आणि कॉलेजात अक्कलकोटकडच्या मैत्रिणी होत्या म्हणून कन्नडही समजायचं. वडिलांचा जन्म पॉवरलूमवर गेला, त्यात त्यांचे कान गेले. आई विड्या वळते. दोघांनाही वाटायचं, पोरगी पंख्याखाली बसून काम करते, बरं आहे.

त्या खोलीत टिकायची प्रत्येकाची आपली रीत होती. चित्राचे रंग काढून काळं-पांढरं करायची सोय होती, चित्र धूसर करायचीही होती. माझ्या शेजारी बसणारी मुलगी आवाज बंद करून बघायची. ती म्हणायची, बघवतं, पण किंचाळी ऐकली की जेवण जात नाही. माझं उलटं होतं. मी चित्र बोटाच्या पेराएवढं बारीक करून कोपऱ्यात ठेवायची आणि ऐकायची. ऐकून बरंच कळतं. कोण दारू प्यायलंय, कोण नाटक करतंय, कुणाचं रडणं खरं आहे. त्या सवयीमुळेच पुढचं सगळं घडलं.

उन्हाळ्याच्या तोंडाशी एक व्हिडिओ आला. दक्षिण सोलापूर तालुक्यातलं एक गाव. नाव लिहीत नाही. निळ्या प्लास्टिकचं अस्तर लावलेलं शेततळं, आणि पाण्यात विशीतला एक मुलगा. त्याच्याच खात्यावरून तो लाइव्ह दाखवला जात होता. पाहणारे थोडेच होते, तेही लांबचे, गावाला न ओळखणारे; त्यातल्या कुणीतरी तो उतरवून घेतला आणि पुन्हा टाकला. मुलगा पोहत होता, मग काठाला येऊन वर चढायला बघत होता. ते प्लास्टिक ओलं झालं की साबणासारखं होतं. हात लावला की हात खाली, पाय टेकला की पाय खाली. मी नेहमीसारखं चित्र बारीक केलं होतं. कानात पाण्याचा आवाज, पंपाचा आवाज, आणि फोनच्या अगदी जवळून एक माणूस बोलत होता. आधी त्यानं जिभेनं च्च केलं, कोंबडीला बोलावताना करतात तसं. मग म्हणाला, “आरं थांब की. लगीच कुटं येतोस वर? बगू दे की लोकास्नी.”

आवाजात राग नव्हता. गंमत होती. तो हसत होता.

मग पाण्यातला मुलगा “अण्णा, अण्णा” म्हणायला लागला. आमच्याकडे दर तिसऱ्या माणसाला अण्णा म्हणतात. आधी तोही हसतच म्हणत होता, मग हसणं थांबलं. मग जवळचा आवाज बदलला. “ए… ए, हात दे. हात दे की.” आणि काहीतरी आपटलं, आणि व्हिडिओ संपला.

नियम स्पष्ट होता. मृत्यू दिसतोय, काढा. मी काढला आणि पुढचा घेतला. पुढचा कुणाच्या तरी लग्नातल्या भांडणाचा होता, एवढं अजून आठवतं.

त्यानंतर तो व्हिडिओ परत यायला लागला. आम्ही एकदा काढलेलं यंत्र ओळखतं, तसंच्या तसं पुन्हा टाकू देत नाही. म्हणून लोक त्यात फेरफार करतात. कुणी उलटा केला, डावीकडचं उजवीकडे. कुणी संथ केला. खालच्या कडा तर सगळ्यांनीच कापल्या. आणि यंत्र आवाजही ओळखतं, म्हणून सगळ्यांनी मूळ आवाज काढून त्यावर भुताच्या सिनेमात असतं तसं संगीत घातलं. भुताचंच संगीत का, ते मला खालचा मजकूर वाचून कळलं. गावात असं म्हणत होते की तो मुलगा तळ्यावर एकटाच गेला होता. फोन पंपाच्या पेटीवर टेकवून ठेवला आणि पाण्यात उतरला. फोनही पुढं सापडला नाही, पाण्यात गेला म्हणाले. पण व्हिडिओच्या शेवटाला चित्र हलत होतं. तो मुलगा काठानं जिकडं सरकेल तिकडं ते वळत होतं, वाकून त्याच्याकडे बघितल्यासारखं. वाऱ्यानं फोन घसरला असेल, असं काही जणांनी म्हणून बघितलं. बाकी लोकांनी सरळ विचारलं, तिथं कुणीच नव्हतं तर फोन कुणी धरला होता?

आणि उत्तरही त्यांनीच दिलं. आसरांनी.

आमच्या भागात विहिरीच्या काठाला सात दगड शेंदूर लावून मांडलेले असतात. त्या साती आसरा. पाण्यात राहतात, पाणी राखतात, आणि मनात आलं तर माणूस आत घेतात. प्लास्टिकच्या तळ्याला आसरा कुठून आल्या, असं एकानं खाली विचारलं होतं. त्याला दुसऱ्यानं लिहिलं होतं, पाणी आलं की त्या येतात.

एकदा संध्याकाळी आई विड्यांची पानं कातरता कातरता आम्हाला हीच गोष्ट सांगायला लागली. तिच्याबरोबर विड्या द्यायला येणाऱ्या बायकांनी तिला तो व्हिडिओ दाखवला होता. कसा तो पोरगा काठाला येतो आणि खालून कुणीतरी ओढल्यासारखा परत जातो, आणि फोन आपोआप कसा वळतो. ती म्हणाली, “बाई ग, बघताना मला वाटलं त्या फोनमधून कुणीतरी माझ्याकडंच बघतंय.” मी समोर जेवत होते. माझ्या कानात तो माणूस हसत होता. मी आमटी वाढून घेतली.

ऑफिसात मी एवढं विचारलं, की या आसरांच्या व्हिडिओंचं काय करायचं. मृत्यू दिसत नसेल, नुसतंच तळं आणि संगीत आणि गोष्ट असेल तर? नियमात बसत नव्हतं. लोकांची श्रद्धा म्हणून ते ठेवायचे. मग लांबलांबून पोरं त्या तळ्यावर जाऊन रील बनवायला लागली. पाय घसरून कंबरेपर्यंत गेलेल्या एकाला इतरांनी ओढून काढलं, त्याचाही व्हिडिओ आला. कुणी मेलं नव्हतं, म्हणून तोही ठेवला.

याच दिवसांत मला तो आवाज बाहेर ऐकू यायला लागला.

एकदा स्टँडजवळच्या रसवंतीवर उभी होते. मागून कुणीतरी म्हणालं, “थांब की.” मी ग्लास तसाच फळीवर ठेवला. वळून बघितलं तर एक बाप आपल्या लहान मुलीला रस्त्याकडे पळण्यापासून अडवत होता. दुसऱ्यांदा मंडईत, एक माणूस कोथिंबीर निवडता निवडता च्च करत होता. मी त्याच्यामागून बरीच लांब चालत गेले. त्यानं एका ठिकाणी थांबून ओळखीच्या माणसाशी कन्नडमध्ये गप्पा मारल्या, आणि आवाज अगदीच वेगळा निघाला, घोगरा, म्हातारा. तिसऱ्या वेळी तर माझा सख्खा भाऊ होता. मोरीचं दार वाजवलं तर आतून म्हणाला, थांब की. मी दारापासून मागे सरले. त्याच दारामागे तो लहानपणापासून आंघोळ करत आला होता.

माझ्या लक्षात आलं की मला आता स्वतःच्या कानांवर भरवसा ठेवता येत नाही. थांब की, बघू दे की, असं आमच्या जिल्ह्यात सगळेच बोलतात. तो आवाज सगळ्यांच्या तोंडात थोडाथोडा होता.

आणि मग तो खरोखरच आला, माझ्याच पडद्यावर.

यंत्रानं पाठवलेला एक व्हिडिओ होता. हार घातलेला फोटो, पुढं समई, आणि शेजारी मुंडण केलेला एक तरुण, हात जोडून उभा. कोपऱ्यात त्या व्हिडिओतलं तळ्याचं एक चित्र जोडलेलं होतं, म्हणून यंत्राला संशय आला असणार. तो गेलेल्या मुलाचा थोरला चुलत भाऊ होता. आमच्या घरातल्या पोराचा व्हिडिओ कुणी पुढं पाठवू नका, अशी विनंती तो करत होता. घरच्यांना फार त्रास होतो, चुलतीनं अन्न टाकलंय, आपण सगळीकडे तक्रारी केल्यात, जिथं दिसेल तिथं तुम्हीही तक्रार करा, असं म्हणत होता. बोलता बोलता त्याला हुंदका आला. तो थांबला. जिभेनं च्च केलं. मग म्हणाला, “थांबवा की ओ आता. किती बगायचं त्येला?”

मी हेडफोन काढून टेबलावर ठेवले. शेजारच्या मुलीनं माझ्याकडे बघितलं. मी परत लावले आणि परत ऐकलं. मग चित्र बंद करून ऐकलं. ते रडणं खरं होतं, त्यात मला आजही शंका नाही. आणि तो आवाज तळ्याकाठचा होता.

खूप वेळ मी तो व्हिडिओ तसाच समोर ठेवून बसले. त्याची मागणी आमच्या नियमांना धरून होती. घरच्या माणसानं सांगितलंय, मयताचा अपमान होतोय, काढून टाका. असं कुणी म्हटलं की आम्हाला बरं वाटायचं, कारण असं काम फार थोडं असायचं ज्यात आपण कुणाचं तरी भलं करतोय असं वाटावं. आणि त्याच नियमानं आम्ही, म्हणजे मीच, तो एकमेव व्हिडिओ काढला होता ज्यात त्याचा आवाज होता. बाहेर उरले होते ते सगळे मुके.

पण मी चुकत असले तर? रसवंतीवर चुकले होते, मंडईत चुकले होते. घरात मयत झालेल्या, मुंडण करून बसलेल्या माणसाकडे मी बोट दाखवणार, आणि कशावरून, तर एका च्च वरून.

त्या दिवशी मी आमच्या टीम लीडला सांगितलं. तो पुण्याचा, वयानं माझ्याहून लहान, बहुतेक वेळा पडद्यावरच भेटायचा. चांगला मुलगा होता. झोपेच्या गोळ्या घेतो असं त्यानंच एकदा सांगितलं होतं. त्यानं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाला, “ताई, आपण पोलीस नाही. आपण ठरवायला लागलो कोण गुन्हेगार, तर उद्या कुणाकुणाला ठरवू?” ते मला पटलं. तरी त्यानं माझं म्हणणं वर, कायद्याचं बघणाऱ्या लोकांकडे पाठवलं.

उत्तर आलं ते सभ्य भाषेत होतं. जिवाला तातडीचा धोका दिसत असेल तरच कंपनी आपण होऊन पोलिसांना कळवते. या प्रकरणात आता धोका राहिलेला नाही. काढलेल्या व्हिडिओची प्रत ठरावीक मुदतीपर्यंत जपलेली असते, पोलिसांनी रीतसर मागितली तर दिली जाईल. मुदत संपली की ती आपोआप पुसली जाते.

धोका राहिलेला नाही, हे वाक्य मी पुन्हा पुन्हा वाचलं. मुलगा मेला होता, म्हणून धोका संपला होता. पोलिसांनी मागायला हवं, आणि मागण्यासारखं काही आहे हेच पोलिसांना माहीत नव्हतं. गावात पाण्यात बुडून मेला म्हणून नोंद झाली होती. जे माहीत होतं ते मला, आणि मी सांगणार नाही म्हणून सही करून बसले होते.

एक वाईट विचार मनात आला, तोही सांगते. तो जुना व्हिडिओ पडद्यावर परत मागवता आला आणि फोन कसातरी आत नेता आला, तर आवाज उतरवून घ्यावा, आणि कुणाच्या तरी नावानं बाहेर सोडून द्यावा. लोकच बघून घेतील. लोक कसं बघून घेतात ते मी रोज बघत होते, म्हणून तो विचार तिथंच सोडला.

आमच्या गल्लीत एक वकीलबाई राहायच्या. वय झालेलं, नमाज चुकवायच्या नाहीत, कोर्टात मराठी आणि घरात दखनी. लहानपणी आम्हाला ईदला शीरखुर्मा पाठवायच्या. त्यांच्याकडे गेले, आणि गाव-नाव काही न सांगता विचारलं. त्यांनी चष्मा काढून ठेवला. म्हणाल्या, “देख बेटा, माणूस कसा मेला हे तुला ठाऊक असेल, तर ते पोलिसांना सांगू नको असं कुठलाही करार तुला सांगू शकत नाही. नोकरीवरून काढतील. तो विषय वेगळा आहे, आणि तो खरा आहे.”

मग त्यांनी बजावलं. चोरून काही आणायचं नाही, फोटो नाही, प्रत नाही. ऐकलं तेवढंच सांगायचं. आणि त्यातही, नक्की काय ऐकलं ते आधी, आणि तो आवाज याचा वाटतो हा अंदाज नंतर, वेगळा. “खात्री नसेल तर खात्री नाही म्हण. तपास करणं त्यांचं काम. तुझं काम एवढंच, की तपासण्यासारखं काहीतरी आहे हे त्यांना कळावं.”

घरी आले तर वडील ओट्यावर बसले होते. समोरच्या कारखान्यातले माग चालू होते, त्या खडखडाटात कुणाचंच बोलणं ऐकू येत नाही. ते मात्र ओठ बघून समजतात, सगळ्या जुन्या विणकरांना येतं ते. मी त्यांच्यासमोर बसले आणि आमच्या भाषेत सगळं सांगितलं. करार मोडायची ती माझी पहिली वेळ. भर रस्त्यात सांगत होते आणि त्यांच्याशिवाय कुणालाही कळत नव्हतं. तळ्याचं, च्च चं, हात दे की चं. ते माझ्या तोंडाकडे बघत राहिले. मी थांबले तेव्हा त्यांनी विचारलं, त्या पोराची आई आहे का. आहे म्हटलं. ते उठले, आत जाऊन शर्ट घालून आले आणि म्हणाले, “चल. मी येतो संगं.”

त्या गावाला जे पोलीस ठाणं लागतं तिथं आम्ही एसटीनं गेलो. तिथल्या फौजदार बाई होत्या. पहिल्यांदा त्यांना वाटलं मी आसरांच्या व्हिडिओचं काहीतरी सांगायला आलेय. तसे बरेच येऊन गेले होते म्हणे, अंगात येणारी एक बाईसुद्धा. मी वकीलबाईंनी सांगितलं तसं सांगत गेले. तळ्यावर दुसरा माणूस होता. तो काय काय बोलला. प्रत अजून कंपनीकडे असेल, पण मुदत आहे. त्या लिहून घेत होत्या, आणि ‘बगू दे की लोकास्नी’ला त्यांचा हात थांबला. आवाज कुणाचा, असं त्यांनी विचारलं. मी म्हटलं, अंदाज आहे, खात्री नाही. आणि अंदाज सांगितला.

दुसऱ्या दिवशी टीम लीडला मीच फोन करून कळवलं. त्यानं कुठलं ठाणं ते लिहून घेतलं. मग म्हणाला, ताई, मला हे वर सांगावं लागेल. मी म्हटलं, सांग. माझं काम थोड्याच दिवसांत बंद झालं. कप्प्यातला फोन घेऊन खाली उतरले तेव्हा दुकानासमोर गठ्ठ्यांचा टेम्पो भरत होते आणि दुपारचं ऊन असं होतं की डोळे उघडता येईनात.

पोलिसांनी मागितल्यावर प्रत आली. मुदत अजून संपायची होती. मला ठाण्यात बोलावलं, मी ऐकलं ते हेच का म्हणून. फौजदार बाईंनी आपल्या कॉम्प्युटरवर तो लावला, मोठ्या चित्रात. तोवर मी तो नीट बघितला नव्हता, नुसता ऐकला होता. आता बघितला. मुलगा हसत होता, दात पांढरे, केस कपाळाला चिकटलेले. आणि त्याच्या पुढ्यात, निळ्या प्लास्टिकवर, पाण्याच्या कडेपर्यंत एक लांब सावली पडली होती. सूर्य फोन धरणाऱ्याच्या पाठीला होता. सावलीचं डोकं पाण्यावर हलत होतं, आणि मुलगा जेव्हा जेव्हा वर यायचा तेव्हा त्या डोक्यातूनच वर यायचा. बाहेर फिरणाऱ्या प्रतींच्या खालच्या कडा कापलेल्या होत्या, सावलीचं धड त्यात गेलं होतं, आणि पाण्यावरचा काळा डाग कुणाला माणसाचा वाटला नव्हता. पण मूळ व्हिडिओत ती पहिल्यापासून होती. मी तो त्या दिवशी बोटाच्या पेराएवढा करून कोपऱ्यात ठेवला होता.

चुलत भावाला बोलावून त्यालाही तो ऐकवला होता. फौजदार बाईंनी मला सांगितलं की स्वतःचा आवाज आला तसा तो खुर्चीवरून खाली बसला आणि दोन्ही कान झाकून घेतले. त्यानंतर त्यानं काहीच लपवलं नाही. फोन गेलेल्या मुलाचाच होता, मला पोहताना लाइव्ह दाखव म्हणून त्यानंच हातात दिला होता. ह्याला वाटलं तो मस्करी करतोय. मस्करी नाही हे कळल्यावर ह्यानं फोन टाकून हात पुढं केला, पण हात पुरला नाही. पंपाजवळ दोर होता, तो आठवला तेव्हा पाणी शांत झालेलं होतं. मग घाबरून फोन पाण्यात फेकला आणि घरी येऊन झोपला. पुढं लोक आसरांचं बोलायला लागले, तेव्हा तोही हो म्हणाला. निष्काळजीपणाचा आणि पुरावा नष्ट केल्याचा गुन्हा लागला. खटला अजून चालू आहे.

मला व्हिडिओ दाखवला त्या दिवशी बाहेर व्हरांड्यातल्या बाकावर एक बाई बसली होती. मी जिना उतरत होते तर उठून पुढं आली. गेलेल्या मुलाची आई. माझ्या आईच्याच वयाची, पदर डोक्यावर, पायात चपला नव्हत्या. म्हणाली, “तुमीच का त्यो आवाज ऐकल्याल्या?”

मी हो म्हटलं.

“शेवटाला मला हाक मारली का त्यानं?”

वडील माझ्या शेजारी उभे होते, ते तिच्या ओठांकडे बघत होते. मला वाटलं, हो म्हणावं. त्यानं कुणाचं काय बिघडणार होतं? पण मी नुकतीच आत ऐकलं तेवढंच सांगून आले होते, आणि ती तो व्हिडिओ उद्या कोर्टात ऐकणार होती. मी म्हटलं, “नाही. अण्णाला मारली.”

तिनं पदर पुढं ओढला. मग म्हणाली, “त्येलाच मारणार की. चालाया लागल्यापासनं त्येच्याच मागं हुता.” मग परत बाकावर बसली आणि, मला सांगत होती की स्वतःलाच ते कळलं नाही, म्हणाली, “आसरांनी न्येला म्हणत हुते तवा बरं हुतं ओ. म्या तळ्यावर जाऊन त्यास्नी शिव्या घालत हुते. आता कुणाला घालू?”

बाकाच्या दुसऱ्या टोकाला आणखी एक बाई होती, पायाशी पिशवी, मांडीवर फडक्यात बांधलेला डबा घेऊन. ती तिची जाऊ, कोठडीतल्या मुलाची आई. डबा आत द्यायला हवालदारानं बोलावलं तेव्हा ती उठली आणि परत येताना रिकाम्या हातांचं काय करावं ते न कळल्यासारखी उभी राहिली. गेलेल्या मुलाच्या आईनं सरकून तिला जागा करून दिली.

एसटी आली तेव्हा त्या दोघी आमच्या पुढच्या बाकावर बसल्या. गावाच्या फाट्यावर उतरल्या. उतरताना गेलेल्या मुलाच्या आईनं जावेची पिशवी घेतली, आणि दोघी उन्हातून, एकीच्या मागं एक, रस्त्यानं चालत गेल्या.